घरच्या फिल्मांतला इतिहास: पेतर फोर्गाच यांचे माहितीपट कसे पाहावेत

मावशीच्या लग्नाची कॅसेट गेल्या उन्हाळ्यात आम्ही पेन ड्राइव्हवर उतरवून घेतली. कॅसेटला एका बाजूनं बुरशी धरली होती, मंगलाष्टकं खोल विहिरीतून आल्यासारखी ऐकू येत होती. तरी घरातले दहा-बारा जण टीव्हीसमोर मांडी घालून बसले होते. साड्यांवर, केसांच्या ठेवणीवर, पंगतीतल्या आग्रहावर हसणं चाललं होतं. मग कॅमेरा फिरत फिरत मांडवाच्या खांबाला टेकून उभ्या असलेल्या धाकट्या मामावर आला. मामानं रुमालानं मान पुसली, कॅमेरा दिसताच लाजून तोंड फिरवलं आणि पुन्हा हळूच वळून पाहिलं. खोली एकदम गप्प झाली. त्या लग्नानंतर आठ महिन्यांनी मामा अपघातात गेला. पडद्यावरच्या मामाला ते ठाऊक नव्हतं, आम्हाला होतं.

जेमतेम चार सेकंदांचं दृश्य. व्हिडिओवाल्यानं काही मनात धरून ते टिपलं नव्हतं, मामानंही काही अभिनय केला नव्हता. तरी त्या कॅसेटमधलं सगळ्यात मोठं दृश्य तेच ठरलं, कारण त्याचा अर्धा भाग आमच्याकडे होता.

पेतर फोर्गाच या हंगेरियन माहितीपटकाराचं जवळजवळ सगळं काम अशा चार सेकंदांवर उभं आहे. त्यांच्या फिल्मा पहिल्यांदा पाहणारा माणूस गोंधळतो. निवेदक नाही, तज्ज्ञांच्या मुलाखती क्वचितच. कोण कुठली अनोळखी माणसं तळ्यात डुंबतात, बाळाला उचलून धरतात, कुत्र्याशी खेळतात. मावशीला मी एक फिल्म दाखवली तेव्हा पंधराव्या मिनिटाला ती म्हणाली, “अगं, यात गोष्ट कुठे आहे?” हा लेख तिच्या त्या प्रश्नासाठी लिहिला आहे.

घरात कॅमेरा आला तेव्हा

आपल्याकडे घरगुती चित्रण म्हटलं की व्हीएचएस आणि नव्वदीतली लग्नं आठवतात. युरोपात ही हौस त्याच्या बरीच आधीची. फ्रान्सच्या पाथे कंपनीनं १९२२ मध्ये साडेनऊ मिलिमीटरची फिल्म आणली, कोडॅकनं १९२३ मध्ये सोळा मिलिमीटरची आणि १९३२ मध्ये आठ मिलिमीटरची. त्यानंतर सुखवस्तू घरातला वडीलमाणूस हातात कॅमेरा घेऊन बायकापोरांच्या मागे फिरू लागला. यातून तयार झालेल्या चित्रणाला होम मूव्ही म्हणतात, म्हणजे घरच्यांनी घरच्यांसाठी केलेलं चित्रण.

फिल्म महाग होती. आठ मिलिमीटरच्या एका रिळात साधारण चार मिनिटं मावत. आज आपण ताटातल्या पोहे-उपम्याचेही व्हिडिओ काढतो. तेव्हा चार मिनिटांत काय बसवायचं याचा विचार करावा लागे. म्हणून या रिळांत वाढदिवस आहेत, सहली आहेत, बाळाचं पहिलं पाऊल आहे. भांडण नाही, कर्ज नाही, आजारपण नाही, तिरडी नाही. मावशीच्या कॅसेटमध्ये तरी हुंड्याची बोलणी कुठे होती?

इथेच पहिली अडचण दिसते. ज्या चित्रणात ठरवून फक्त सुखच टिपलेलं आहे, त्यातून इतिहास कसा वाचायचा?

फोर्गाच कोण आणि हे डबे त्यांच्याकडे कसे आले

फोर्गाच यांचा जन्म १९५० चा, बुडापेस्टचा. (हंगेरीत आपल्या शाळेतल्या हजेरीपटासारखं आडनाव आधी येतं, तिथे ते फोर्गाच पेतर.) तिथल्या बेला बालाझ स्टुडिओशी त्यांचा संबंध होता. हा स्टुडिओ सरकारी पैशावर चालत असूनही तरुणांना बराच मोकळेपणा देत असे. ‘ग्रुप १८०’ नावाच्या संगीतकारांच्या मंडळासोबतही त्यांनी काम केलं. १९८३ मध्ये त्यांनी बुडापेस्टमध्ये खासगी फोटो आणि फिल्मांचा संग्रह उभारला. लोकांच्या माळ्यांवर, कपाटांच्या तळाशी पडलेले डबे तिथे गोळा होऊ लागले, आणि त्यासोबत त्या घरातल्या माणसांच्या आठवणीही.

हे घडलं ते कम्युनिस्ट राजवटीत, ही बाब महत्त्वाची आहे. दुसऱ्या महायुद्धानंतर हंगेरीत कारखाने आणि मोठे व्यापार सरकारनं ताब्यात घेतले. कॅमेरा परवडणारी युद्धापूर्वीची घरं बहुतेक याच वर्गातली. अधिकृत इतिहासात त्यांना वर्गशत्रू यापलीकडे जागा नव्हती, ज्यू शेजाऱ्यांचं काय झालं यावरही मोकळेपणानं बोललं जात नव्हतं. त्यामुळे सार्वजनिक पडद्यावर जे दिसत नव्हतं ते या डब्यांत पडून होतं.

१९८८ मध्ये, म्हणजे हंगेरीचे कम्युनिस्ट नेते यानोश कादार यांची तीन दशकांची सत्ता संपली त्या वर्षी, फोर्गाच यांची ‘बार्तोश कुटुंब’ ही फिल्म आली. ‘प्रायव्हेट हंगेरी’ या मालिकेची ती सुरुवात. झोल्तान बार्तोश हा लाकडाचा व्यापारी, हौसेनं गाणी रचणारा. त्यानं १९२० च्या दशकाच्या अखेरीपासून पुढे साठच्या दशकापर्यंत आपलं घर चित्रित केलं. फिल्मेत क्रांती नाही, लढाई नाही. पण माणसं म्हातारी होतात, घरं बदलतात, कपडे साधे होत जातात, आणि या सगळ्यामागे तीन वेगवेगळ्या राजवटी येऊन गेल्याचं तुमच्या हळूहळू लक्षात येतं.

“चित्रण तर दुसऱ्यांचं, मग दिग्दर्शकानं केलं काय?”

हा आक्षेप सगळ्यात आधी येतो आणि तो अगदी रास्त आहे.

मराठी वाचकाला याचं उत्तर बखर आणि दप्तर यांच्या फरकातून चटकन कळेल. बखर कुणीतरी कुणाला सांगण्यासाठी लिहिलेली असते. तिच्यात पराक्रम असतो, रंग असतो, बाजू असते. दप्तरातल्या रुमालात बांधलेला जमाखर्चाचा मोडी कागद इतिहासासाठी लिहिलेला नसतो. अमुक मण तांदूळ, तमुक रुपये बैलाचे. पण वाचणारा जाणता असेल तर त्या तांदळाच्या आकड्यातून दुष्काळ बोलू लागतो. सिनेमागृहात दाखवली जाणारी सरकारी बातमीपत्रं म्हणजे बखर. होम मूव्ही म्हणजे दप्तर. फोर्गाच हे दप्तर वाचतात आणि आपल्याला वाचायला शिकवतात.

दुसऱ्यानं केलेलं जुनं चित्रण घेऊन त्यातून नवी फिल्म घडवणं या प्रकाराला ‘फाउंड फुटेज’ म्हणतात. मी इथे ‘सापडलेलं चित्रण’ म्हणेन.

आता हाताचं काम बघा. जुना हौशी कॅमेरा सेकंदाला साधारण १६ चित्रं टिपत असे. तीच फिल्म २४ च्या वेगानं दाखवली तर मिनिटभराची हालचाल ४० सेकंदांत उरकते. जुन्या फिल्मांतली माणसं तुरुतुरु पळताना दिसतात आणि आपल्याला हसू येतं, त्याचं कारण हे. फोर्गाच वेग नुसता सारखा करून थांबत नाहीत, हवं तिथे तो आणखी मंद करतात. एखादी बाई दारातून बाहेर येते, कॅमेऱ्याकडे पाहते, नजर खाली घालते. मूळ रिळात हे डोळ्यांचं पातं लवायच्या आत होऊन जातं. मंद केल्यावर त्या नजरेत नवऱ्याबद्दलचा कंटाळा आहे की लाज आहे, हे तुम्ही पाहू लागता. कधी ते चित्र गोठवतात, कधी एखादा चेहरा मोठा करून दाखवतात, कधी काळ्यापांढऱ्या चित्रावर रंगाची छटा चढवतात. पडद्यावर नाव आणि साल उमटतं.

आणि संगीत. बऱ्याच फिल्मांचं संगीत तिबोर सेमझो यांचं आहे. एक छोटा तुकडा, तो पुन्हा, किंचित बदलून पुन्हा. भजनात एकच ओळ घोळवत राहावी आणि प्रत्येक फेरीत तिचा अर्थ खोल जावा, तसं ते चालतं. कुठे रडायचं ते हे संगीत सांगत नाही. माझ्या मते या फिल्मांचा अर्धा भार त्यानंच उचललेला आहे.

अभिमन्यू आत शिरतो तेव्हा

‘प्रायोगिक’ हा शब्द ऐकला की लोक बिचकतात. फोर्गाच यांचा खरा प्रयोग मात्र आपल्या ओळखीचा आहे.

कीर्तनात बुवा अभिमन्यूचं आख्यान लावतात. पोरगा हसत हसत रथावर चढतो. बाहेर पडायची वाट त्याला माहीत नाही, हे देवळात बसलेल्या म्हातारीलाही पाठ आहे. तरी तिच्या डोळ्याला पदर लागतो. पुढे काय होणार ही उत्सुकता तिथे नसतेच. तिला ठाऊक आहे आणि त्याला नाही, या अंतरातून ते पाणी येतं.

‘फ्री फॉल’ ही १९९६ ची फिल्म हे अंतर कसं वापरते पाहा. द्योर्द पेतो हा सेगेद शहरातल्या सधन ज्यू घराण्यातला, संगीताची जाण असलेला तरुण. त्याच्या आठ मिलिमीटरच्या रिळांत घर आहे, नदी आहे, आई आहे, प्रेमात पडलेली मुलगी आहे. फोर्गाच या चित्रांवर हंगेरीच्या संसदेनं केलेले ज्यूविरोधी कायदे आणतात, तेही गायलेल्या स्वरूपात. १९३८ चा कायदा: व्यवसायांत ज्यूंचं प्रमाण २० टक्क्यांवर नको. १९३९ चा: ते ६ टक्क्यांवर आणा. १९४१ चा: ज्यू आणि ज्यूतर यांच्यात लग्न नको. कलम, पोटकलम, टक्केवारी सुरात चाललेली असते आणि चित्रात माणसं पोहत असतात, हसत असतात.

कायद्याची भाषा नुसती वाचली असती तर आपण तिला सरावलेले आहोत, कानावरून गेली असती. गायल्यामुळे ती ऐकावी लागते. आणि चित्रातली मंडळी ती ऐकत नाहीत.

ज्यू पुरुषांना तेव्हा हत्यार न देता सैन्याच्या मजूर तुकड्यांत पाठवलं जाई. पेतोनं तिथलंही चित्रण केलं. १९ मार्च १९४४ ला जर्मन सैन्य हंगेरीत शिरलं. १५ मे ते ९ जुलै या आठ आठवड्यांत सुमारे ४ लाख ३७ हजार ज्यूंना देशाबाहेर नेलं गेलं, त्यातले बहुतेक आउशवित्झच्या मृत्युछावणीत. हे आकडे आपण शाळेत वाचून विसरतो. नदीकाठी ओले केस झटकणारा माणूस मात्र फिल्म संपल्यावरही डोळ्यांसमोर राहतो.

“मारेकऱ्याच्या घरचं सुख कशाला दाखवायचं?”

१९९७ ची ‘द मेलस्ट्रॉम’ ही मला त्यांची सगळ्यात थोर फिल्म वाटते आणि सगळ्यात जास्त वाद घालावा अशीही.

फिल्म नेदरलँड्सची. पेरेबोम हे ज्यू कुटुंब, त्यातला माक्स हा मुलगा चित्रण करणारा. लग्न, समुद्रकिनारा, नातेवाइकांचं येणंजाणं, मुलांचे जन्म. हे चालू असताना फोर्गाच मध्येमध्ये दुसऱ्या एका घरचं चित्रण आणतात. बर्फावर स्केटिंग, घोडे, टेनिस, नातवंडाचं कौतुक. ते घर आर्थर झाइस-इन्क्वार्ट यांचं, म्हणजे हिटलरनं नेदरलँड्सवर नेमलेल्या सर्वोच्च अधिकाऱ्याचं. नाझी पोलिसांचा प्रमुख हिमलर तिथे पाहुणा म्हणून येतो. ज्यूंना बागेत बंदी, पोहण्याच्या तलावावर बंदी, अशा हुकमांचा अंमल याच माणसाच्या राज्यात झाला.

दोन्ही घरांत बाळं सारखीच गोड आहेत. यावर अनेकांना राग येतो, मलाही पहिल्यांदा आला होता. मारेकऱ्याला आजोबा म्हणून का पाहायचं? पण फिल्म पुन्हा पाहिल्यावर वाटलं, तो राग याच दृश्यांनी यायला हवा. झाइस-इन्क्वार्ट राक्षसाच्या मुखवट्यात आला असता तर आपण निवांत झालो असतो. राक्षस आपल्या ओळखीत कुणी नसतो. घोड्यावर नीट बसणारा, नातवंडात रमणारा, सकाळी कचेरीत जाऊन सही करणारा माणूस ओळखीचा वाटतो, आणि त्यानं जे केलं ते त्यामुळे तसूभरही कमी होत नाही. न्यूरेंबर्गच्या खटल्यानंतर १९४६ मध्ये त्याला फाशी झाली.

शेवटचा प्रसंग पेरेबोमांच्या घरातला आहे. जर्मनीतल्या कामाच्या छावणीत जायचं आहे असं त्यांना सांगितलं गेलंय. उद्या निघायचं. टेबलाभोवती माणसं बसली आहेत, कॉफी घेताहेत. बायका कपडे दुरुस्त करताहेत, सुई वर जाते, खाली येते. माक्सनं हेसुद्धा चित्रित केलं. चेहऱ्यांवर घबराट दिसत नाही. लांबच्या प्रवासाआधीच्या रात्री कुठल्याही घरात असते तशी लगबग आहे. बटण पक्कं हवं, कारण तिकडे थंडी असेल.

त्यांना आउशवित्झला नेलं गेलं. त्या कुटुंबातला सिमोन हा भाऊ वाचला.

त्या सुईबद्दल मी कितीतरी वेळा विचार केला आहे. फोर्गाच तिच्यावर एक शब्दही बोलत नाहीत. मावशी फिल्मभर काहीबाही विचारत होती, या प्रसंगात ती पुढे सरकून बसली आणि मग पुन्हा गोष्ट कुठे आहे असं तिनं विचारलं नाही.

“मग निवेदन देऊन नीट सांगत का नाहीत?”

निवेदकाचा आवाज आला की तो आपल्या वतीनं समजून घेतो आणि आपण मोकळे होतो. ‘हे दुर्दैवी कुटुंब पुढे…’ असं कुणी म्हटलं की त्या क्षणापासून ती माणसं फक्त दुर्दैवी उरतात. त्यांनी तो दिवस मजेत घालवला होता, हे सत्य पुसलं जातं. फोर्गाच मजकूर देतात तो नावापुरता, सालापुरता, हुकमापुरता. जोडायचं काम आपलं.

यात धोका आहे हे मान्य करायला हवं. ज्याला १९४४ म्हणजे काय हे ठाऊक नाही, त्याला ‘फ्री फॉल’ अर्धीच पोचेल. अभिमन्यूची गोष्ट न ऐकलेल्या माणसाला कीर्तनात रडू येणार नाही, तसंच. म्हणून पाहायच्या आधी त्या देशाचा त्या दहा-पंधरा वर्षांचा इतिहास दोन पानं वाचून घ्या, त्यात काही कमीपणा नाही.

त्यांच्या काही फिल्मा याहूनही मोकळ्या आहेत. १९९२ ची ‘विट्गेन्श्टाइन ट्रॅक्टाटस’ ही विट्गेन्श्टाइन या तत्त्वज्ञाच्या ‘ट्रॅक्टाटस’ या ग्रंथातल्या सात मुख्य विधानांप्रमाणे सात छोट्या भागांत आहे. वाक्य एका वाटेनं जातं, घरगुती चित्र दुसऱ्या वाटेनं. तिथून सुरुवात मात्र करू नका.

“दुसऱ्याच्या घरात डोकावणं नव्हे का हे?”

आहे थोडं. हे चित्रण नातेवाइकांपुरतं होतं. काही रिळांत नवऱ्यानं बायकोला अशा क्षणी टिपलंय की पाहताना आपणच नजर वळवतो. मेलेल्या माणसाची परवानगी कोण देणार?

फोर्गाच यांच्या बाजूनं एवढं सांगता येतं की डबे आणून देणारे बहुतेकदा घरचेच होते, आणि त्यांच्याशी बोलून, माणसांची नावं आणि पुढचं आयुष्य शोधून मगच चित्रण वापरलं गेलं. निनावी जुनं चित्रण जाहिरातीत ‘जुना काळ’ म्हणून लावतात, तसं इथे होत नाही. तरी माझी अस्वस्थता पूर्ण जात नाही. ‘मिस युनिव्हर्स १९२९’ ही २००६ ची फिल्म पाहताना ती कमी झाली, कारण तिथे लिझल गोल्डारबायटर या व्हिएन्नाच्या ज्यू सौंदर्यवतीचं चित्रण तिच्यावर जन्मभर प्रेम करणाऱ्या, नात्यातल्या मार्सीनं केलेलं आहे, आणि युद्धानंतर ती त्याचीच बायको झाली. तिथे कॅमेरा डोकावत नाही, वाट पाहतो.

सुरुवात कुठून करावी

‘द डॅन्यूब एक्झोडस’पासून. १९९८ ची, तासाभराची फिल्म. एक नदी, एक जहाज, एक कप्तान.

कप्तानाचं नाव नांदोर आंद्राशोविच, जहाज ‘एर्झेबेत किरायने’, म्हणजे ‘राणी एलिझाबेथ’. कप्तानाला चित्रणाची हौस. १९३९ मध्ये व्हिएन्ना आणि ब्रातिस्लावाचे ज्यू निर्वासित या जहाजातून डॅन्यूबच्या प्रवाहाबरोबर काळ्या समुद्राकडे निघाले. पुढे दुसऱ्या जहाजानं पॅलेस्टाइन गाठायचं, तेही ब्रिटिशांचे निर्बंध चुकवून. डेकवर गर्दी आहे, लोक प्रार्थना करताहेत, ऊन खाताहेत, तरुण पोरं नाचताहेत.

वर्षभरानं, १९४० मध्ये, सोव्हिएत संघानं रोमानियाचा बेसाराबिया हा प्रांत घेतला आणि तिथले पिढ्यान् पिढ्यांचे जर्मन शेतकरी उठले. एकूण सुमारे ९३ हजार. त्यातले काही याच जहाजावर चढले आणि प्रवाहाच्या उलट, हिटलरच्या राज्याकडे निघाले. तिथे त्यांच्यातल्या पुष्कळांना पोलंडमधली शेतं मिळाली, ती पोलिश मालकांना हुसकून रिकामी केलेली. १९४५ मध्ये तिथूनही पळावं लागलं. दोन्ही प्रवासांची दुःखं एका तराजूत घालायची का, हा या फिल्मेवरचा मोठा आक्षेप आहे. फोर्गाच ती तोलत नाहीत, शेजारी ठेवतात; सारखी आहेत असं वाटू देणाऱ्या जागा फिल्मेत आहेत, असं माझंही मत आहे. त्या जागा तुम्हीच ओळखा.

२००२ मध्ये लॉस एंजेलिसच्या गेटी केंद्रात याच चित्रणाचं प्रदर्शन मांडलं गेलं, त्यात कुठली गोष्ट आधी पाहायची हे प्रेक्षक ठरवत. २००७ मध्ये फोर्गाच यांना नेदरलँड्सचा इरास्मस पुरस्कार मिळाला.

पाहताना कठड्याकडे लक्ष ठेवा. पहिल्या प्रवासात त्याला टेकून शहरी कोटातली माणसं पाण्याकडे बघताना दिसतील. दुसऱ्या प्रवासात त्याच कठड्याशी डोक्याला रुमाल बांधलेल्या शेतकरी बायका येतील. मामासारखंच त्यांच्यातलं कुणीतरी कॅमेरा दिसताच तोंड फिरवेल. तिथे फिल्म थांबवू नका, ते पुन्हा वळून पाहीपर्यंत थांबा.